पाच लाखांच्या कागदावर आत्ताच सही करू नका

पेडणे तालुक्यातील एका वाचक भगिनीचे पत्र (नाव आणि गाव त्यांच्या इच्छेवरून वगळले आहे):

माझे पती ३७ वर्षांचे होते. तुये औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यात ते कंत्राटदारामार्फत कामाला होते. पगार १८ हजार रुपये, तो बँकेत जमा होत असे. शिवाय काजूच्या हंगामात घरची बागायत तेच पाहायचे. साडेचार महिन्यांपूर्वी दुसरी पाळी संपवून स्वतःच्या स्कूटरवरून घरी येत असताना महामार्गावर पर्यटकाच्या ताब्यातील भाड्याच्या गाडीने त्यांना समोरून ठोकर दिली आणि दोन दिवसांनी गोमेकॉत (गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या इस्पितळात) त्यांचे निधन झाले. घरी मी, दोन लहान मुले आणि सासूबाई आहोत. मागच्या आठवड्यात विमा कंपनीकडून आल्याचे सांगत एक गृहस्थ इंग्रजीत भरलेला कागद घेऊन आले. कायद्याप्रमाणे पाच लाख मिळतात, सही केली की महिन्याभरात खात्यात जमा होतील, कोर्टात गेलात तर वर्षे जातील आणि पंचनाम्यात हेल्मेटचा उल्लेख नसल्यामुळे कदाचित काहीच मिळणार नाही, असे ते म्हणाले. दीर म्हणतात की आधी इन्व्हेंटरी (मृताच्या मालमत्तेच्या वाटणीची कोर्टातील प्रक्रिया) झाल्याशिवाय आपल्याला कुठलाच दावा करता येत नाही. सासूबाईंना वाटते की मुलाच्या मरणाचे पैसे मागणेच बरे नव्हे. माझ्या जवळ घरखर्चापुरतेही पैसे उरलेले नाहीत. मी काय करावे?

ताई,

तुमच्या पत्रातील सर्वांत तातडीची गोष्ट पाच लाखांची नसून साडेचार महिन्यांची आहे. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली झालेली दुरुस्ती १ एप्रिल २०२२ पासून या बाबतीत लागू झाली आणि तेव्हापासून कलम १६६ खालचा भरपाईचा दावा अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांच्या आत दाखल करावा लागतो. या मुदतीला आव्हान देणाऱ्या याचिका सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेल्या आहेत हे खरे, परंतु त्यांच्या भरवशावर बसून राहण्याची चैन तुमच्यासारख्या कुटुंबाला परवडणारी नाही. तुमच्या हातात जेमतेम दीड महिना आहे. तेवढ्यात दावा दाखल व्हायला हवा. एखादा कागद कमी असेल तर तो पुढे जोडता येतो, त्यामुळे सगळी फाईल पूर्ण होण्याची वाट पाहू नका.

आता त्या कागदाविषयी. कायद्याप्रमाणे पाच लाख मिळतात, हे त्या गृहस्थांचे वाक्य खोटे नाही, पण अर्धवट आहे. कलम १६४ मध्ये अशी तरतूद आहे की चूक कोणाची होती हे सिद्ध न करताही मृताच्या कुटुंबाला ५ लाख रुपये आणि गंभीर जखमीला अडीच लाख रुपये वाहनमालकाने किंवा त्याच्या विमा कंपनीने द्यावेत. ही रक्कम ठरीव आहे. मृताचे वय, पगार, मुलेबाळे यांतील कशाचाही तिच्याशी संबंध नसतो. याउलट कलम १६६ खाली समोरच्या चालकाचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो आणि तो दाखवता आला की भरपाई त्या माणसाच्या कमाईवरून मोजली जाते. हे दोन वेगळे रस्ते आहेत. त्या गृहस्थांनी तुम्हाला एकच दाखवला, आणि मुख्य म्हणजे दुसरा त्यामुळे बंद होतो हे सांगितले नाही. कलम १६४ खालची रक्कम कायद्यातील तडजोडीच्या पद्धतीने स्वीकारली की मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढचा (अशा दाव्यांसाठीच्या खास न्यायालयापुढचा) दावा संपुष्टात येतो, असे कलम १६६ मध्येच लिहिलेले आहे. पाच लाख आत्ता घेऊ आणि उरलेल्यासाठी पुढे भांडू, अशी सोय त्यात नाही. हे न सांगता नवरा गमावलेल्या बाईपुढे न कळणाऱ्या भाषेतला भरलेला कागद ठेवणे याला मी मदत म्हणू शकत नाही.

पाच लाखांचा रस्ता कोणासाठीच नाही असे मात्र नव्हे. ज्या अपघातात समोरच्या चालकाची चूक दाखवणारा कोणताच पुरावा नाही, किंवा चूक उघडउघड मृताचीच आहे, तिथे ही रक्कम आधार ठरते. तुमचे प्रकरण त्यात बसत नाही. गाडी सापडलेली आहे, तिचा चालक माहीत आहे आणि ती समोरून येऊन आदळली आहे. (गाडीचा पत्ताच लागला नसता तर गोष्ट आणखी निराळी होती. पळून गेलेल्या अज्ञात वाहनाच्या बाबतीत मृताच्या कुटुंबाला २ लाख रुपये देण्याची स्वतंत्र केंद्रीय योजना आहे. तिचा तुमच्याशी संबंध नाही, पण तुमच्या भागात कोणावर तशी वेळ आली असेल तर त्यांना जरूर सांगा.)

तुमच्या बाबतीत रक्कम किती होऊ शकते, हे मोघम न बोलता आकड्यांतच पाहू. सर्वोच्च न्यायालयाने सरला वर्मा प्रकरणात २००९ साली आणि प्रणय सेठी प्रकरणात घटनापीठाने २०१७ साली जी रीत घालून दिली, तीच देशभरची न्यायाधिकरणे वापरतात. मासिक पगार १८,००० धरला, तर चाळिशीच्या आतील आणि कायम नोकरीत नसलेल्या माणसाच्या भावी उत्पन्नवाढीसाठी त्यात ४० टक्के मिळवतात, म्हणजे २५,२०० झाले. वर्षाचे ३,०२,४०० झाले. चारजण अवलंबून असतील तर मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी चौथा हिस्सा वजा करतात, तेव्हा उरले २,२६,८००. छत्तीस ते चाळीस या वयोगटाचा गुणक, म्हणजे किती वर्षांची कमाई धरायची तो आकडा, १५ आहे. त्याने गुणले की ३४,०२,००० रुपये होतात. यांशिवाय पती, पिता आणि पुत्र यांच्या सहवासाला मुकल्याबद्दल पत्नी, प्रत्येक मूल आणि आई यांना वेगवेगळी रक्कम मिळते. २०१७ साली ती ४० हजार ठरली आणि दर तीन वर्षांनी त्यात १० टक्के वाढ करायची आहे. पहिल्या दोन वाढी धरल्या तर माणशी ४८,४०० होतात. अंत्यसंस्काराचा खर्च आणि मालमत्तेची हानी या दोन बाबी प्रत्येकी १५ हजारांपासून त्याच हिशेबाने वाढत आल्या आहेत. हे सारे मिळून ३६ लाखांच्या वर जाते. गोमेकॉतील दोन दिवसांत औषधांवर वा तपासण्यांवर खिशातून काही गेले असेल तर त्याच्या पावत्या निराळ्या. या सर्वांवर दावा दाखल केल्याच्या तारखेपासून व्याज मिळते आणि ते बहुधा वर्षाला ६ ते ९ टक्क्यांच्या दरम्यान असते.

एवढी रक्कम मिळेलच असे मी म्हणत नाही. पगाराचा पुरावा लंगडा पडला किंवा तुमच्या पतींचाही काही अंशी दोष होता असे न्यायाधिकरणाला वाटले, तर ती खाली येईल. पण पाच लाखांच्या शेजारी ती ठेवून पाहिल्याशिवाय निर्णय घेऊ नये, एवढ्यासाठी हा हिशेब मांडला.

पगाराच्या पुराव्यावर मी जरा अधिक लिहितो, कारण बहुतेक दाव्यांत पैसे तिथेच गळतात. बँकेच्या पासबुकावर दरमहा जमा झालेली रक्कम दिसते, तो तुमचा सर्वांत मोठा आधार आहे. निदान वर्षभराचे विवरण बँकेकडून शिक्क्यासह घ्या. कंत्राटदाराकडून पगाराच्या पावत्या आणि तुमचे पती कामावर कधीपासून होते याचे पत्र मागा. तो टाळाटाळ करू लागला तर कारखान्याच्या मनुष्यबळ विभागाला लेखी अर्ज करा आणि त्याची पोच ठेवा. पगारातून भविष्य निर्वाह निधी कापला जात असेल तर त्याचे विवरण हा स्वतंत्र सरकारी पुरावा ठरतो. त्यानंतर तुम्हाला साक्ष द्यावी लागेल. सरतपासणी, म्हणजे आपल्या बाजूने द्यायची साक्ष, शपथपत्रावरच होते, ती सोपी असते. उलटतपासणीत विमा कंपनीचे वकील अगदी सौम्य आवाजात विचारतात, ‘‘तुमचे पती घरखर्चाला तुमच्या हातात किती देत असत?’’ बाई प्रामाणिकपणे सांगते, ‘‘बारा हजार.’’ पुढे युक्तिवादात तोच आकडा मृताची कमाई म्हणून मांडला जातो. वास्तविक उरलेल्या सहा हजारांत स्कूटरचा हप्ता, पेट्रोल, मुलांची फी आणि पतसंस्थेतील बचत असते. तेव्हा घरी देत असलेले पैसे आणि पगार या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे डोक्यात पक्के ठेवा, आणि विचारले तर दोन्ही आकडे सांगा.

बागायतीच्या उत्पन्नाबाबत अपेक्षा बेताची ठेवा. काजू गोवा बागायतदार संस्थेला किंवा व्यापाऱ्याला घातल्याच्या पावत्या असतील तर त्या जरूर जोडा, परंतु न्यायालयांचे म्हणणे असे असते की झाडे आणि जमीन कुटुंबाकडे राहिलेलीच आहेत, तेव्हा बुडाली ती मृताची मेहनत आणि देखरेख. यंदा साफसफाईला, राखणीला, बोंडे गोळा करायला तुम्हाला माणसे लावावी लागली असतील, तर त्यांना दिलेल्या मजुरीची नोंद ठेवा. नुकसान त्यावरून दाखवता येते.

दिरांचे म्हणणे चुकीचे असले तरी निराधार नाही, आणि ते मुद्दाम अडवताहेत असे मी गृहीत धरणार नाही. गोव्यात घर, जमीन आणि बँकेतील ठेवी यांच्यासाठी वारसाहक्काचा प्रश्न आला की आपण सगळे इन्व्हेंटरीच्या किंवा नोटरीकडील वारस दस्ताच्या दिशेनेच विचार करतो, कारण पोर्तुगीज काळापासून आपली पद्धत तीच आहे आणि २०१२ चा गोवा वारसा कायदाही त्याच पायावर उभा आहे. परंतु अपघाताच्या भरपाईचा मोठा भाग ही मृताची मालमत्ता नसतेच. त्याच्या कमाईवर जे जगत होते त्यांचे ते नुकसान असते. म्हणून दावा दाखल करायला इन्व्हेंटरी पूर्ण व्हावी लागत नाही. विवाहाचा दाखला, मुलांचे जन्मदाखले, शिधापत्रिका, आधार कार्डे आणि मृत्यू दाखला यांवरून नाते दाखवता येते. स्कूटर नावावर करणे, बँकेतली शिल्लक काढणे, बागायतीतील हिस्सा, यांसाठी वारसाचे कागद लागतील. ते काम तुम्ही सवडीने करा, फक्त त्याच्यासाठी हा दावा अडवून ठेवू नका.

याच फरकामुळे सासूबाईंचे स्थानही दिरांना वाटते त्याहून वेगळे आहे. आपल्या वारसा कायद्यात मुले असताना मृताची आई वारस ठरत नाही आणि पत्नी मुख्यतः दांपत्याच्या सामाईक मालमत्तेतील निम्म्या हिश्श्याची मालकीण असते. मोटार अपघाताच्या दाव्यात मात्र अवलंबून असलेल्या आईला स्वतःच्या अधिकाराने भरपाई मागता येते. मृताच्या घरी राहणारी त्याची सासू, म्हणजे पत्नीची आईसुद्धा अशी दावेदार होऊ शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटलेले आहे, मग आईची गोष्टच निराळी. तेव्हा दावा तुम्ही, दोन्ही मुले आणि सासूबाई अशा चौघांच्या नावाने एकत्र दाखल करा. मुलांच्या वतीने तुम्ही सही कराल. सासूबाईंना वगळून दावा टाकलात तर चौथा हिस्सा वजा होण्याऐवजी तिसरा हिस्सा वजा होईल, आणि घरात जो दुरावा येईल त्याची मोजदाद कोणी करणार नाही.

सासूबाईंच्या मनातील संकोच मला कळतो. त्यांच्याशी वाद घालू नका. एवढेच सांगा की हे पैसे कोणी दया म्हणून देत नाही. रस्त्यावर येणाऱ्या प्रत्येक वाहनाचा त्रयस्थासाठीचा विमा कायद्यानेच सक्तीचा केलेला आहे आणि तुमच्या पतींनीही आपल्या स्कूटरचा तो हप्ता भरलेला असणार. त्यांच्या मुलांचे शिक्षण आणि त्यांच्या आईची औषधे यांची सोय जिवंत असताना तेच पाहत होते. ती पुढे चालू राहावी म्हणून ही तरतूद आहे.

स्कूटरचा विषय निघालाच आहे तर एक गोष्ट आजच्या आज तपासा, कारण ती तुम्हाला कोणीही सांगितलेली दिसत नाही. स्कूटर पतींच्या नावावर असेल, त्यांचा परवाना वैध असेल आणि विमा अपघाताच्या दिवशी चालू असेल, तर त्या पॉलिसीत मालक-चालकासाठी १५ लाख रुपयांचे वैयक्तिक अपघात संरक्षण घेतलेले आहे का ते पाहा. २०१८ पासून या संरक्षणाची रक्कम एवढी आहे. काहींनी ते वेगळ्या पॉलिसीत घेतलेले असते. ही रक्कम भाड्याच्या गाडीच्या विमा कंपनीकडून नव्हे, तर तुमच्या स्वतःच्या स्कूटरच्या विमा कंपनीकडून मिळते. चूक कोणाची, हा प्रश्न तिथे येत नाही आणि त्यासाठी न्यायाधिकरणात जावे लागत नाही. विम्याचा कागद घरी सापडला नाही तर स्कूटरच्या क्रमांकावरून वाहतूक खात्याच्या परिवहन संकेतस्थळावर विमा कंपनीचे नाव कळू शकते.

तुमची तातडीची अडचण रोजच्या खर्चाची आहे, आणि दाव्याचा निकाल लवकर लागेल असे खोटे आश्वासन मी देणार नाही. म्हणून ज्या रकमा दाव्याशिवाय मिळू शकतात त्या आधी गोळा करा. भविष्य निर्वाह निधीतील शिल्लक, त्यासोबतच्या कर्मचारी ठेव संलग्न विमा योजनेचे पैसे (यांची कमाल मर्यादा ७ लाख रुपये आहे), विधवा आणि मुलांसाठीचे कर्मचारी निवृत्तिवेतन योजनेतील निवृत्तिवेतन आणि ग्रॅच्युइटी. कामगाराचा मृत्यू झाल्यास ग्रॅच्युइटीसाठी पाच वर्षे नोकरीची अट नसते, हे कंत्राटदार सोयीस्करपणे विसरतात. पतींच्या बँक खात्यातून वर्षाला २० रुपये कापले जात होते का तेही पाहा. तसे असेल तर प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचे २ लाख मिळू शकतात, त्यासाठी बँकेत विनाविलंब जा. राज्याच्या दयानंद सामाजिक सुरक्षा योजनेचा अर्जही करून ठेवा. आयुर्विमा, भविष्य निर्वाह निधी, कुटुंब निवृत्तिवेतन यांचे पैसे मिळाले म्हणून भरपाईतून वजावट होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ सालीच स्पष्ट केले आहे. तेव्हा हे पैसे घेताना मनात किंतु नको.

हेल्मेटच्या मुद्द्याने घाबरू नका. पतींनी हेल्मेट घातले होते असे तुम्ही म्हणत असाल तर ते पाहणारा कोणी होता का, पाळी सुटताना सोबत निघालेला सहकारी, मदतीला धावलेला गावकरी, १०८ रुग्णवाहिकेवरील कर्मचारी, याचा शोध घ्या. पंचनाम्यात उल्लेख नाही याचा अर्थ हेल्मेट नव्हते असा होत नाही, फक्त पोलिसांनी लिहिले नाही एवढाच होतो. समजा नव्हतेच असे ठरले, तरी ठोकर त्यामुळे बसली नाही. हेल्मेट नसल्याचा आणि मृत्यूचा संबंध विमा कंपनीला दाखवावा लागतो, आणि तो दाखवता आला तरी फार तर भरपाईचा काही भाग कमी होतो. ‘काहीच मिळणार नाही’ हे केवळ भीती घालण्यासाठी म्हटलेले वाक्य आहे.

आता पोलिसांकडील कागद. अपघाताचा पहिला अहवाल ४८ तासांत आणि सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवणे हे तपास अधिकाऱ्याचे काम आहे. तो गेला आहे का, हे पोलीस स्थानकात लेखी अर्ज करून विचारा. सविस्तर अहवालालाच न्यायाधिकरण दावा मानू शकते, तरीही स्वतःचा दावा वेगळा दाखल करा, कारण पोलिसांच्या अहवालात तुमच्या घरची माणसे, पगार आणि बागायत नीट आलेली असेलच असे नाही. एफआयआर, पंचनामा आणि जागेचा नकाशा, शवचिकित्सा अहवाल, मोटार वाहन निरीक्षकाचा अहवाल आणि पुढे आरोपपत्र यांच्या प्रती घ्या. नकाशा घरी आणून शांतपणे बघा. गाडी कोणत्या बाजूला थांबली, स्कूटर रस्त्याच्या कडेपासून किती अंतरावर पडली, ब्रेकच्या खुणा कुठून सुरू होतात, या तीन गोष्टी बहुधा साऱ्या साक्षीपुराव्याहून अधिक बोलतात. नकाशा आणि तुम्हाला माहीत असलेली जागा यांत तफावत दिसली तर वकिलाला पहिल्याच भेटीत सांगा.

फौजदारी खटला सरकार चालवते. निष्काळजीपणे गाडी चालवून मृत्यू घडवल्याबद्दल भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६ खाली पाच वर्षांपर्यंत शिक्षा आहे आणि तो गुन्हा आपसात मिटवता येत नाही. उद्या चालकाचे नातेवाईक काही रक्कम घेऊन ‘केस मागे घ्या’ म्हणत आले, तर ती मागे घेणे तुमच्या हातात नाही हे ध्यानात ठेवा आणि कशावरही सही करू नका. त्या खटल्याचा निकाल लागेपर्यंत भरपाईचा दावा थांबत नाही. चालक तिथे सुटला तरी दावा आपोआप पडत नाही, कारण न्यायाधिकरणात संशयातीत पुराव्याची नव्हे, तर कोणती बाजू अधिक संभवनीय आहे याची कसोटी असते.

गाडी भाड्याची होती, यात एक खाच आहे. स्वतः चालवायला भाड्याने देण्याचा परवाना असलेल्या गाडीची पाटी काळी आणि तिच्यावरील अक्षरे पिवळी असतात. आपल्याकडे मात्र खासगी, पांढऱ्या पाटीच्या गाड्याही चोरून भाड्याने दिल्या जातात, हे किनारपट्टीवर राहणाऱ्या कोणाला सांगायला नको. एफआयआरमधील क्रमांकावरून ती गाडी कोणत्या प्रकारची होती हे पाहा. खासगी असेल तर विमा कंपनी म्हणेल की पॉलिसीच्या अटीचा भंग झाला, आम्ही देणे लागत नाही. अशा अटीभंगाच्या वादात न्यायालयांनी अनेकदा विमा कंपनीने आधी कुटुंबाला पैसे द्यावेत आणि मग ते मालकाकडून वसूल करावेत असा आदेश दिलेला आहे. म्हणून चालक आणि विमा कंपनी यांच्याबरोबर नोंदणीकृत मालकालाही प्रतिवादी केलेच पाहिजे. चालक परराज्यातील आहे याची चिंता करू नका. अपघात जिथे घडला किंवा तुम्ही जिथे राहता तिथल्या न्यायाधिकरणात दावा चालतो, तुम्हाला त्याच्या गावी जावे लागणार नाही. उत्तर गोव्यातील न्यायाधिकरणाच्या निकालावर अपील करायचे झाले तरी ते पर्वरीला मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठापुढेच होते.

वकिलासाठी पैसे नाहीत म्हणून थांबू नका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली स्त्रियांना, त्यांचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. उत्तर गोवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे साधा अर्ज करा आणि त्यात सहा महिन्यांची मुदत कोणत्या तारखेला संपते ते ठळकपणे लिहा. खासगी वकील केलात तर फी आधी ठरवून लिहून घ्या. मिळणाऱ्या रकमेतील टक्केवारी हीच फी, असा करार करणे बार कौन्सिलच्या नियमांना धरून नाही. गोमेकॉच्या आवारातच ‘आमचे साहेब सगळे बघतील’ म्हणत कार्ड देणारे जे भेटतात, त्यांच्यापासून चार हात दूर राहा.

तडजोडीला माझा विरोध नाही. दावा दाखल झाल्यावर विमा कंपनीने लोक अदालतीत योग्य आकडा पुढे केला आणि तुमच्या वकिलाचा हिशेब त्याच्या आसपास असला, तर थोडे कमी घेऊन लवकर मोकळे होण्यात शहाणपण असू शकते. फक्त लोक अदालतीतील निवाड्यावर अपील नसते, त्यामुळे तिथे होकार देण्यापूर्वी वर मांडलेला हिशेब कागदावर करून सोबत न्या. निवाडा झाल्यावर विमा कंपनीने ३० दिवसांत रक्कम भरायची असते. मुलांचा हिस्सा बहुधा ती सज्ञान होईपर्यंत मुदत ठेवीत ठेवला जातो. शाळेच्या फीसाठी किंवा आजारपणासाठी त्यातून पैसे हवे असल्यास न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो, आणि ठेवीवरील व्याज दरमहा तुमच्या खात्यात यावे अशी विनंती निवाड्याच्या वेळीच करून ठेवावी.

ते गृहस्थ परत आले तर त्यांना घरात घ्या, पण कागदावर सही किंवा अंगठा नको. त्यांचे ओळखपत्र आणि कागदाची प्रत मागा, प्रस्ताव लेखी स्वरूपात न्यायाधिकरणापुढे द्यावा असे सांगा. प्रत द्यायला ते तयार झाले नाहीत, तर त्यांच्या भेटीची तारीख आणि ते काय म्हणाले हे त्याच दिवशी वहीत लिहून ठेवा आणि ती वही वकिलाला दाखवा.